पट्टा पडला, तरी झोप गावाला परतत नाही

मार्च सरत आला की साखर कारखान्यांचे पट्टे पडू लागतात, म्हणजे गळीत हंगाम संपतो, आणि शिरूर कासार, पाटोदा, आष्टी, केज, धारूर, वडवणी या तालुक्यांतल्या वाड्या-वस्त्या पुन्हा माणसांनी भरतात. दसरा-दिवाळीच्या सुमारास कुलूप घालून गेलेली घरं उघडतात. १४ एप्रिलच्या आत गाव गाठायचं, अशी आपल्या वस्त्यांमधल्या बहुतेकांची धडपड असते. याच दिवसांत आम्ही वस्त्यांवर बचत गटांच्या आणि आरोग्याच्या बैठका घेतो. अंगदुखी, अशक्तपणा, पाळीच्या तक्रारी तर असतातच. पण त्यांच्या जोडीला एक गोष्ट हमखास निघते. ती कुणी तक्रार म्हणून मांडत नाही, बोलता बोलता येते. "रात्री तीनला डोळा उघडतोच बघा. मग नुसतं पडून राहायचं." "दिवसा बसल्या जागी डुलकी लागती आन् रातच्याला झोप येत नाही." एका ताईंनी सांगितलं, घरी येऊन पंधरा दिवस झाले तरी झोपेत गाडीचा हॉर्न वाजल्यासारखं होतं आणि त्या उठून बसतात.

याला गावात दोन नावं आहेत. माणूस पन्नाशीचा असेल तर "वय झालं" आणि पंचविशीचा असेल तर "आळशी झाला". आमच्या मते दोन्ही चूक. सहा महिने जी झोप तुकड्या-तुकड्यांत मोडली गेली, ती घरी आल्याबरोबर आपोआप जुळत नाही. ती का मोडते आणि जुळवायची कशी, याचं शास्त्र आता बऱ्यापैकी स्पष्ट आहे. ते सोप्या शब्दांत पोचावं म्हणून हा लेख.

आधी फडात काय होतं ते पाहू. ज्यांनी हे आयुष्य पाहिलेलं नाही, त्यांच्यासाठी थोडं सविस्तर.

नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. मुकादमाकडून उचल घेतलेली असते आणि ती ऊस तोडून फेडायची असते. मजुरी तासावर नाही, टनावर. जानेवारी २०२४ मध्ये दरात ३४ टक्के वाढ ठरली, तीही टनाच्याच हिशोबात. त्यामुळे दिवस किती तासांचा, हा प्रश्न या धंद्यात कुणी विचारतच नाही. पहाटे तीन-चारला उठायचं, बाईने त्याच्याही आधी. अंधारातच बाहेर जाऊन यायचं, कारण कोपीला संडास नसतो आणि उजाडल्यावर आडोसा राहत नाही. भाकरी थापायची, फडकं बांधायचं, फडात पोचायचं. दुपारपर्यंत तोड, मग मोळ्या बांधणं, मग डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून चढत ट्रक किंवा ट्रॉली भरणं. आणि गाडी कधी येणार हे तोडणाऱ्याच्या हातात नाही. कारखान्यावर रांग लागली, रिकामी गाडी रात्री अकराला आली, तर अकराला भरायची. दोनला आली तर दोनला. बैलगाडीवाल्यांचं दुखणं वेगळं. ते ऊस घेऊन कारखान्यावर जातात आणि वजनकाट्याच्या रांगेत गाडीखालीच पाठ टेकतात. वर आजारपणामुळे एखादा दिवस पडून राहिलं, तर खाडा लागतो, म्हणजे मजुरी तर नाहीच, उलट दंड.

डिसेंबर-जानेवारीची थंडी, ताडपत्रीची कोपी, जुन्नर-आंबेगाव-शिरूरकडे गेलेल्यांना बिबट्याची धास्ती, शेजारी तान्हं मूल. अशा जागी झोप लागली तरी सावध लागते. रोज चार-साडेचार तास, तेही सलग नाहीत, असं आम्हाला बहुतेक बायका सांगतात. प्रौढ माणसाला किमान सात तास लागतात.

आता शरीराच्या बाजूने बघू.

आपली झोप दोन गोष्टींवर चालते. पहिली म्हणजे झोपेचा साठत जाणारा भार. जागे असताना मेंदूत ॲडेनोसिन नावाचं द्रव्य साठत जातं. जितका वेळ जागे, तितकं ते जास्त आणि तितके डोळे जड. झोपलं की ते ओसरतं. चहातलं कॅफीन नेमकं इथे काम करतं. ते ॲडेनोसिन कमी करत नाही, त्याची जागा अडवून बसतं. म्हणजे थकवा तसाच राहतो, फक्त त्याची वर्दी मेंदूपर्यंत पोचत नाही. संध्याकाळी सहाला प्यालेल्या चहातलं साधारण निम्मं कॅफीन रात्री अकराच्या सुमारासही अंगात असतं.

दुसरी गोष्ट म्हणजे शरीरातलं घड्याळ. मेंदूच्या खालच्या भागात, डोळ्यांच्या नसा जिथे एकमेकींना छेदतात त्याच्या अगदी वर, पेशींचा एक इवलासा पुंजका आहे. तो साधारण चोवीस तासांचा ठेका धरून शरीराचं तापमान, भूक, संप्रेरकं आणि झोप यांच्या वेळा सांभाळतो. अंधार पडला की मेलाटोनिन नावाचं संप्रेरक स्रवायला लागतं, शरीर आतून थंड होऊ लागतं आणि झोपेची तयारी होते. पेशींमधलं हे घड्याळ कसं चालतं ते फळमाशीवर प्रयोग करून उलगडणाऱ्या जेफ्री हॉल, मायकल रॉसबॅश आणि मायकल यंग या तिघांना २०१७ चं वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं. या घड्याळाला रोज चावी देतो तो उजेड. सकाळचा उजेड घड्याळ अलीकडे ओढतो, संध्याकाळचा आणि रात्रीचा उजेड ते पलीकडे ढकलतो. आणि हे घड्याळ हट्टी आहे. दिवसाला साधारण तासाभरापेक्षा जास्त ते सरकत नाही.

फडात या दोन्ही गोष्टींचा मेळ तुटतो. आज नऊला झोपलं, उद्या एकला, परवा रात्रभर जागं, आणि उठणं मात्र रोज तीन-चारलाच. भार प्रचंड साठलेला आणि घड्याळ गोंधळलेलं. त्यात झोपेच्या आत एक रचना असते तीही मोडते. झोप एकसारखी नसते. साधारण नव्वद मिनिटांची आवर्तनं एकामागून एक येतात. रात्रीच्या पहिल्या भागात गाढ झोप जास्त असते, तिच्यात शरीराची डागडुजी होते. पहाटेच्या भागात स्वप्नांची झोप जास्त असते, तिचा संबंध मन शांत राहण्याशी आणि शिकलेलं पक्कं होण्याशी आहे. रात्री अकराची गाडी पहिला भाग खाते आणि पहाटे तीनची उठाठेव दुसरा. मग अंग दुखतं ते दुखतंच आणि चिडचिडही होते. टोळीत जानेवारीनंतर भांडणं वाढतात, नवरा-बायकोत मारहाण वाढते, असं मुकादमही कबूल करतात. त्यामागे दारू आहे, पैशाचा ताण आहे; पण तीन महिन्यांची न झालेली झोपही आहे, हे आम्ही आवर्जून नोंदवतो.

धोका फक्त चिडचिडीचा नाही. ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांनी १९९७ मध्ये दाखवून दिलं की सलग सतरा तास जागा असलेला माणूस, १०० मिलिलिटर रक्तात ५० मिलिग्रॅम दारू असलेल्या माणसाइतकाच सुस्त आणि चुका करणारा होतो. आपल्याकडे गाडी चालवणाऱ्यासाठी कायद्याची मर्यादा ३० मिलिग्रॅमची आहे. पहाटे चारला उठलेला ट्रॅक्टरचालक रात्री नऊला दोन ट्रॉल्या जोडून रस्त्यावर निघतो, तेव्हा थेंबभर न पिताही तो त्या मर्यादेपलीकडे असतो. उसावर चालणाऱ्या कोयत्याचं आणि फळीवरून चढणाऱ्या बाईच्या पायाचंही तेच. कायम रात्रपाळी करणाऱ्यांबाबत तर जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २००७ मध्येच अशा कामाची नोंद 'कर्करोगास बहुधा कारणीभूत' या गटात केली आहे.

घरी आल्यावरचे पहिले तीन आठवडे

गावी आल्यावर पहिले चार-पाच दिवस माणूस पडेल तिथे झोपतो. झोपू द्यावं. शरीर थकबाकी वसूल करत असतं. सगळी थकबाकी वसूल होत नाही, पण गाढ झोपेचा बराच भाग भरून निघतो. गडबड होते ती त्यानंतर. दुपारी लिंबाखाली दोन-तीन तास झोप, संध्याकाळी पारावर गप्पा आणि चहा, रात्री बारापर्यंत मोबाइल, आणि तरीही तीनला जाग. कारण घड्याळ अजून फडाच्या वेळेवर आहे. मग दिवसा पुन्हा झोप. हे चक्र महिनाभर चाललं की सवय बनते आणि दिवाळीला माणूस परत फडात जातो तो अर्धवट विश्रांती घेऊनच.

इथे आमचा पहिला आग्रह उठण्याच्या वेळेवर असतो, झोपण्याच्या नव्हे. झोप आणता येत नाही, उठणं मात्र आपल्या हातात आहे. घरातल्यांनी मिळून एक वेळ ठरवावी, समजा साडेपाच, आणि सगळे दिवस तीच पाळावी. लग्नाला जागरण झालं तरी तीच. तीनला जाग आली तर दिवा लावायचा नाही, मोबाइल बघायचा नाही, चूल पेटवायची नाही. अंधारात पडून राहावं. तीनला लावलेला दिवा घड्याळाला सांगतो की इथे सकाळ तीनलाच होते. पडून राहून पंधरा-वीस मिनिटांत झोप आली नाही आणि जीव घाबरायला लागला, तर उठून अंधारातच अंगणात बसावं, डोळे जड झाले की परत आत यावं. अंथरुणात तळमळत पडण्याची सवय लागली की अंथरूणच जागरणाची जागा होऊन बसते.

ज्यांना संध्याकाळी सातलाच झोप अनावर होते आणि तीनला टक्क जाग येते, त्यांनी संध्याकाळचा उजेड जास्तीत जास्त घ्यावा. सूर्य मावळेपर्यंत उघड्यावर राहावं, शेळ्या त्या वेळी फिरवाव्यात, विहाराच्या ओट्यावर बसावं. झोपायची वेळ दर दोन-तीन दिवसांनी अर्धा तास पुढे न्यावी. ज्यांची अडचण उलटी आहे, म्हणजे रात्री एकपर्यंत झोपच येत नाही, त्यांनी सकाळचं ऊन घ्यावं आणि रात्रीचा उजेड तोडावा. तरुण पोरं बहुतेक या दुसऱ्या गटात असतात. त्यांच्या बाबतीत मोबाइलचा उजेड हे निम्मंच कारण; रील संपतच नाहीत, हे दुसरं.

दुपारची डुलकी वाईट नाही. ती वीस-तीस मिनिटांची असावी आणि तीनच्या आत असावी. चहा दुपारनंतर बंद करता आला तर उत्तम, नाही तर चारनंतर तरी नको. मिसरीबद्दल बायकांशी बोलताना आम्हाला नेहमी सांभाळून बोलावं लागतं, कारण तोंडातली मिसरी ही कित्येकींची दिवसभरातली एकमेव मोकळीक आहे. पण तंबाखूतलं निकोटिन मेंदूला जागं करतं. झोपायच्या आधी लावलेली मिसरी झोप उडवते, हे सांगायलाच हवं. दारूचं उलटं वाटतं. प्याल्याबरोबर झोप लागते म्हणून पुरुष तिला झोपेचं औषध मानतात. ती पहिले दोन-तीन तास गुंगी देते आणि उतरायला लागली की रात्रीचा दुसरा भाग फोडून टाकते. घोरणंही वाढवते.

एप्रिल-मेचा आपल्याकडचा उकाडा वेगळाच. झोप लागण्यासाठी शरीराला आतून थोडं थंड व्हावं लागतं आणि पत्र्याचं घर दिवसभर साठवलेली उष्णता रात्री आत सोडत राहतं. आपली माणसं अंगणात, माळवदावर झोपतात ते शास्त्राला धरूनच आहे. फक्त मच्छरदाणी हवी. झोपण्याआधी तास-दीड तास कोमट पाण्याने आंघोळ केली तर झोप लवकर लागते, असं पुस्तकात लिहिलेलं असतं. टँकरच्या पाण्यावर उन्हाळा काढणाऱ्या वस्तीला हा सल्ला द्यायला आमची जीभ रेटत नाही. हातपाय धुतले तरी बराच उपयोग होतो.

आणखी एक, थोडं घरातलंच बोलतो. जयंतीच्या महिन्यात रात्री बारापर्यंत डीजे लावणारी मंडळं आपलीच आहेत आणि नुकत्याच फडावरून आलेल्या बायाबापड्याही आपल्याच आहेत. रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक बंद ठेवण्याचा नियम देशात २००० पासून आहे. ठरावीक दिवशीच सवलत मिळते. मिरवणूक दहाला संपवणाऱ्या मंडळांचं आम्ही जाहीर कौतुक करतो.

झोप आणि आळस

बुद्ध पौर्णिमेच्या कार्यक्रमात प्रवचन चालू असताना मागे बसलेल्या बायका पेंगतात आणि कुणीतरी पुढून टोमणा मारतं. सुस्ती आणि पेंग, म्हणजे थीनमिद्ध, हे पाच नीवरणांपैकी एक. हे आपल्याला पाठ असतं. पण अंगुत्तर निकायातला महामोग्गल्लानांचा प्रसंग त्यासोबत वाचायला हवा. साधना करताना त्यांना डुलक्या येत होत्या. तथागतांनी त्यांना एकामागून एक उपाय सांगितले. ऐकलेल्या धम्माचं चिंतन करावं, तो मोठ्याने म्हणावा, कान ओढावेत, अंग चोळावं, डोळ्यांना पाणी लावून आकाशातल्या ताऱ्यांकडे पाहावं, मनात उजेडाची भावना धरावी, चंक्रमण करावं. आणि एवढं करूनही पेंग गेली नाही तर? तर उजव्या कुशीवर झोपावं, उठायची वेळ मनाशी ठरवून. प्रत्यक्ष अग्रश्रावकाला शेवटचा उपाय झोपेचाच सांगितला आहे. सहा महिने ऊस वाहिलेल्या बाईला विहारात डुलकी लागली तर तिला मागच्या खोलीत चटई टाकून द्यावी. त्यात धम्माचा काही अवमान होत नाही.

बाईची झोप हा मुळात वेगळा विषय आहे. २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात घरातलं बिनमजुरीचं काम करणाऱ्या बायकांचे त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं जातात असं दिसलं; पुरुषांची ९७. कोयत्यावर दोघं बरोबरीने राबतात, मजुरी दोघांची मिळून असते. पण पहाटे तासभर आधी बाई उठते आणि रात्री तासभर उशिरा तीच आडवी होते. नवऱ्याने पाणी भरणं आणि चूल पेटवणं अंगावर घेतलं तर तिला रोज तासभर झोप मिळते. पैसा लागत नाही, सरकारी योजना लागत नाही. आमच्या बैठकीत हा मुद्दा आला की बायका हसतात आणि पुरुष पाराकडे बघतात.

आणि गर्भाशयाचा प्रश्न. २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील समितीसमोर बीड जिल्ह्याचे आकडे आले: पाहणी केलेल्या ८२ हजारांहून अधिक ऊसतोड महिलांपैकी १३ हजारांहून अधिक जणींचं गर्भाशय काढलेलं होतं. त्या अहवालावर बरंच बोललं गेलं, झोपेबद्दल मात्र कुणी बोललं नाही. 'पिशवी काढताना' अंडाशयंही काढली गेली असतील तर बाईची रजोनिवृत्ती एका दिवसात येते, मग तिचं वय तिशीचं का असेना. अंगातून एकदम वाफा निघतात, रात्री घाम फुटून जाग येते, छाती धडधडते. अशी बाई "मला झोप येत नाही" म्हणत औषधाच्या दुकानातून गोळी आणते. तिला झोपेची गोळी नको, स्त्रीरोगतज्ज्ञ हवेत. ऑपरेशनचे कागद घेऊन बीडच्या जिल्हा रुग्णालयात किंवा अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात जावं आणि नेमकं काय काढलं ते विचारावं. ते कळण्याचा तिला हक्क आहे.

पायांची तक्रारही अशीच. "आडवं झालं की पोटऱ्यांत मुंग्या येत्यात, पाय हलवल्याशिवाय चैन पडत नाही." याचा संबंध अनेकदा शरीरातल्या लोहाच्या कमतरतेशी असतो. आपल्या बायकांमध्ये रक्त कमी असणं किती सर्रास आहे ते सांगायला नको. रक्त तपासून लोहाच्या गोळ्या पुरेसे दिवस घेतल्या तर पाय आणि झोप दोन्ही शांत होतात.

मुलांबद्दल थोडक्यात. सहा ते बारा वर्षांच्या मुलाला नऊ ते बारा तास झोप लागते, किशोरवयात आठ ते दहा. आईबापांबरोबर फडात गेलेलं मूल चारला उठतं आणि रात्रीची गाडी भरेपर्यंत जागं असतं. ते जूनमध्ये शाळेत पेंगलं तर गुरुजींनी त्याला मठ्ठ ठरवू नये. हंगामी वसतिगृहाचा एक मोठा फायदा जेवणाबरोबर हाच आहे की मूल वेळेवर झोपतं. वयात आलेल्या मुलांचं घड्याळ निसर्गतःच पुढे सरकलेलं असतं, म्हणून पोलीस भरतीसाठी पहाटे चारला धावणाऱ्या पोराने रात्री नऊला झोपायलाच हवं. बारापर्यंत अभ्यास आणि चारला मैदान हे गणित बसत नाही. म्हाताऱ्या माणसांची गाढ झोप कमी होते आणि घड्याळ अलीकडे येतं. आठला झोपून चारला उठणाऱ्या आजोबांची आठ तास झोप झालेली असते, त्यांना आजार नाही.

काही लक्षणं मात्र घरगुती उपायांवर सोडू नयेत. जोरात घोरता घोरता श्वास अडकून दचकून जाग येणं. तीन महिन्यांहून जास्त काळ आठवड्यातल्या बहुतेक रात्री झोप न लागणं. पहाटे जाग येऊन उचलीचा, कर्जाचा विचार सुरू होणं आणि जगणं नकोसं वाटणं. यातली शेवटची गोष्ट आपल्या जिल्ह्यात हलक्यात घेण्यासारखी नाही. अशा वेळी टेली-मानस या सरकारी सेवेचा १४४१६ हा क्रमांक लावावा. तो मोफत आहे, मराठीत बोलता येतं, चोवीस तास चालू असतो. झोपेच्या गोळ्या चिठ्ठीशिवाय घेणं थांबवायला हवं. त्यांची सवय लागते आणि मात्रा वाढत जाते. रोज घेत असाल तर मात्र एकदम तोडू नका, डॉक्टरांना विचारून कमी करा. दीर्घ निद्रानाशावर जगभर आता पहिला उपाय म्हणून गोळी देत नाहीत, वर सांगितलेल्या सवयींची शिस्तीत उजळणी करून घेतात.

फडात काय बदलता येईल

इथवर सांगितलं ते माणसाच्या हातातलं. पण ज्याला रात्री दोनला गाडी भरायची आहे त्याला "वेळेवर झोपा" म्हणणं ही थट्टा आहे. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात १९४२ ते १९४६ या काळात मजूर खातं सांभाळताना बाबासाहेबांनी कामाच्या तासांचा प्रश्न लावून धरला. १९४६ च्या दुरुस्तीने बारमाही कारखान्यांतला कामाचा आठवडा ५४ तासांवरून ४८ तासांवर आला. साखर कारखान्याच्या फाटकाच्या आत आज आठ-आठ तासांच्या तीन पाळ्या चालतात. आतला कामगार पाळी संपली की घरी जातो. फाटकाच्या बाहेर, त्याच उसाला हात लावणाऱ्या माणसाला पाळीच नाही. गव्हाणीत पडेपर्यंत उसाचे तास मोजले जात नाहीत, पडल्यावर मोजले जातात.

हा कायदा बदलेल तेव्हा बदलेल, त्यासाठी संघटना भांडत आहेत. तोवर टोळीच्या पातळीवर दोन गोष्टी जमतात. एक, रोज रात्रीतला ठरावीक चार तासांचा पट्टा शक्यतो राखायचा, समजा दहा ते दोन, आणि उरलेली झोप दुपारी जेवल्यावर काढायची. झोप तोडून घ्यावीच लागली तरी एक तुकडा रोज त्याच वेळी असेल तर शरीराचं घड्याळ फार भरकटत नाही. दुसरी गोष्ट रात्रीच्या भरणीला पाळी लावण्याची. दहा कोयत्यांच्या टोळीत रात्रीची गाडी दहाही जोड्यांनी भरायची गरज नसते. पाच आज, पाच उद्या. आणि तान्हं मूल असलेल्या किंवा गरोदर बाईला रात्रीच्या भरणीतून सूट.

आमच्या संपर्कातल्या दोन टोळ्यांनी गेल्या हंगामात हे करून पाहिलं. मुकादमाला आधी वाटलं की टनेज घटेल. एका टोळीत संक्रांतीपर्यंत पाळी चालली, मग दोन जोड्या गावी परतल्या आणि माणसं कमी पडून ती मोडली. दुसऱ्या टोळीत पट्टा पडेपर्यंत चालली. टनेज घटलं नाही आणि शेवटच्या महिन्यात खाडे कमी लागले, असं मुकादमानेच सांगितलं. त्या टोळीतल्या बायकांनी आता आणखी एक मागणी पुढे केली आहे: गाडी कधी येणार ते स्लिपबॉयने संध्याकाळी सातच्या आत फोन करून कळवावं, म्हणजे तोवर जागत बसायला नको. उचलीची बोलणी पावसाळ्यात सुरू होतात. पैसे हातात घेण्याआधी, त्याच बैठकीत, हे दोन्ही मुद्दे मुकादमाकडून कबूल करून घ्यायचे, असं त्यांचं ठरलं आहे. ज्या टोळ्यांना पाळीचा तक्ता कसा लावायचा ते हवं असेल, त्यांच्या वस्तीवर आम्ही जूननंतर बैठकीला येऊ.